दूध-साय न घालता फळांचं मऊ सॉर्बे घरी कसं करावं

सॉर्बे म्हणजे फळांचा, आइस्क्रीमसारखा गोठवलेला गोड पदार्थ. फळाचा गर, साखर, थोडं पाणी आणि लिंबाचा रस, एवढ्यावर सॉर्बे होतं. दूध, साय, अंडं यातलं काहीच लागत नाही. म्हणूनच भरपेट जेवणानंतरही त्याचा एखादा गोळा सहज जातो आणि फळाची चव स्निग्धपणाखाली दबत नाही. कृती सोपी आहे, तरी घरचं सॉर्बे बहुतेकदा एकाच ठिकाणी फसतं. फ्रीजरमधून डबा काढावा तर आत गुलाबी रंगाची वीट! चमचा वाकतो, पण सॉर्बे जागचं हलत नाही.

यामागे बहुतेक वेळा एक सद्हेतू असतो: हलकं करायचं आहे ना, मग साखर निम्मी घालू. इथेच गणित बिघडतं. सॉर्बेचा हलकेपणा दूध-साय नसल्यामुळे येतो, साखर कापल्यामुळे नाही. यात साखर गोडीसाठी असते तेवढीच मऊपणासाठीही असते.

नुसतं पाणी शून्य अंशाला गोठतं आणि पूर्ण गोठतं. साखर विरघळलेलं पाणी मात्र शून्याच्या थोडं खाली गोठायला लागतं आणि तेही थोडं थोडं. आधी शुद्ध पाण्याचे बर्फकण वेगळे होतात. त्यामुळे उरलेला पाक अधिक दाट होतो आणि त्याचा गोठणबिंदू आणखी खाली जातो. घरच्या फ्रीजरमध्ये साधारण उणे १८ अंश सेल्सिअस तापमान असतं. तेवढ्या थंडीतही बर्फकणांच्या मधे थोडा न गोठलेला पाक शिल्लक राहतो आणि त्याच्यामुळेच चमचा आत जातो. साखर कमी पडली की हा पाक कमी उरतो, कण मोठे होतात आणि एकमेकांना चिकटतात. कॅलरी नसलेले गोडवे वापरले तरी हीच अडचण येते. ते चिमूटभरच घालायचे असल्यामुळे गोडी मिळते, पण पाण्यात विरघळलेला ऐवज जवळजवळ काहीच नसतो.

फळ निवडताना

फळ पूर्ण पिकलेलं हवं. जरा जास्तच पिकलेलं, खायला मऊ वाटणारं फळ इथे उत्तम चालतं. कच्चट फळाची उणीव साखरेने भरून निघत नाही, कारण साखरेने गोडी वाढते, सुगंध नाही. गोठवलेली फळं मिळत असतील तर तीही बिनदिक्कत वापरा.

आंबा, केळं, पीच, स्ट्रॉबेरी, रासबेरी यांच्या गरात तंतू आणि पेक्टिन (जॅम घट्ट करणारा फळातला घटक) असतं, त्यामुळे सॉर्बेला आपोआप अंग येतं. पहिल्यांदा करत असाल तर यातलंच एखादं घ्या. कलिंगड, संत्रं, लिंबू ही पाणीदार फळं. त्यांचं सॉर्बे छान होतं, पण कण पटकन मोठे होतात, म्हणून त्यांना साखर थोडी जास्त लागते आणि घोटणंही जास्त लागतं. कीवी वापरलीत तर मिक्सर अगदी थोडाच फिरवा. तिच्या काळ्या बिया भरडल्या गेल्या की कडवट चव उतरते. पीच, केळं, सफरचंद कापल्यावर काळं पडतं, तेव्हा फोडींना लगेच लिंबाचा रस चोळा.

प्रमाण

लक्षात ठेवायला सोपा हिशेब असा: वजनाने चार भाग गर आणि एक भाग साखर. फळ गोड आणि गर दाट असेल तर वर एक भाग पाणी. उदाहरणार्थ, आंब्याचा ६०० ग्रॅम गर, १५० ग्रॅम साखर, १५० मिलिलिटर पाणी, दोन चमचे लिंबाचा रस आणि चिमूटभर मीठ. स्ट्रॉबेरीत मुळात साखर कमी आणि पाणी भरपूर. म्हणून ६०० ग्रॅम गराला १५० ते १७० ग्रॅम साखर घ्या आणि वरून पाणी घालूच नका. लिंबाचं गणित अगदीच निराळं: २०० मिलिलिटर रस, ४०० मिलिलिटर पाणी, २५० ग्रॅम साखर. आकडा मोठा दिसतो, पण तेवढा आंबटपणा पेलायला तो लागतोच.

या सगळ्यामागे धोरण एकच आहे. फळातली आणि वरून घातलेली साखर मिळून एकूण मिश्रणाच्या २५ ते ३० टक्के व्हायला हवी. वाटीने मोजू नका, वजनकाटा वापरा. बाकी स्वयंपाकात अंदाज चालतो, इथे २० ग्रॅमनेही पोत बदलतो.

मिश्रण पातळ असेल तर एक जुनी परीक्षा आहे. पेलाभर मिश्रण वेगळं काढून त्यात स्वच्छ धुतलेलं ताजं अंडं कवचासकट सोडायचं. ते तरंगून त्याचा साधारण नाण्याएवढा भाग वर दिसला तर साखर पुरेशी आहे. बुडालं तर कमी, फारच वर आलं तर जास्त. परीक्षेचा पेला नंतर टाकून द्या. दाट गरात अंडं नुसतं अडकून बसतं, तिथे या परीक्षेचा उपयोग नाही.

मिश्रण करताना

साखर आणि पाणी मंद आचेवर ठेवा आणि साखर विरघळली की लगेच उतरवा. तार यायची वाट बघायची नाही. पाक पूर्ण गार होऊ द्या. गरम पाक गरावर ओतला तर फळाला शिजल्याची चव येते आणि ताजेपणा जातो. पाणी घालायचंच नसेल तर साखर थेट चिरलेल्या फळात मिसळून अर्धा तास झाकून ठेवा. फळाला रस सुटतो आणि त्यातच ती विरघळते.

लिंबू किंवा संत्र्याचं करत असाल तर सालीचा फक्त वरचा रंगीत भाग किसून साखरेत बोटांनी चोळा. सुगंधी तेल तिथेच असतं. खालचा पांढरा भाग कडू असतो, तो येऊ देऊ नका.

आता गर, पाक, लिंबाचा रस आणि मीठ मिक्सरमधून एकजीव होईपर्यंत फिरवा. बियांची फळं असतील तर मिश्रण बारीक गाळणीतून चमच्याने दाबून काढा. आंब्याला धागे असतील तर तोही गाळा, एरवी गाळण्याची गरज नाही.

मग चाखा. मिश्रण या क्षणी किंचित जास्त गोड आणि किंचित जास्त आंबट लागलं पाहिजे. थंडीत जिभेला गोडी कमी जाणवते, त्यामुळे आत्ता बेताचं लागणारं मिश्रण गोठल्यावर फिकं लागतं. अळणी वाटलं तर आधी लिंबू वाढवून बघा. बहुतेक वेळा कमी पडलेला असतो आंबटपणा आणि आपण दोष देतो साखरेला.

मिश्रण झाकून फ्रिजमध्ये किमान चार तास ठेवा, रात्रभर ठेवलंत तर आणखी बरं. ही पायरी कंटाळवाणी असली तरी टाळू नका. मिश्रण जितकं गार, तितकं ते लवकर गोठतं आणि लवकर गोठलं की कण बारीक राहतात.

गोठवताना

आइस्क्रीमचं यंत्र असेल तर काम सरळ आहे. भांडं आधी गोठवून ठेवायचा प्रकार असेल तर ते आदल्या दिवशीच फ्रीजरमध्ये टाका. गार मिश्रण ओतून साधारण २० ते ३० मिनिटं फिरवा. ते दाटसर आणि मऊ दिसलं की डब्यात काढून तीन-चार तास फ्रीजरमध्ये ठेवा.

यंत्र नसेल तर माझं मत बर्फाच्या ट्रेच्या बाजूने. मिश्रण ट्रेमध्ये ओतून सहा ते आठ तास घट्ट गोठवा. खडे बाहेर काढून पाचेक मिनिटं थांबा आणि थोडे थोडे घेऊन मिक्सरमध्ये थांबत-थांबत फिरवा. आधी भुसा दिसेल. घाबरून पाणी घालू नका, कडा चमच्याने खाली ढकलत राहा. थोड्याच वेळात तो भुसा गुळगुळीत लगद्यासारखा होतो. तिथेच थांबा. जास्त फिरवलं तर पात्याच्या उष्णतेने ते वितळतं. जार ठासून भरू नका, मोटरवर ताण येतो. तयार झालेलं लगेच गार डब्यात भरून दोन-तीन तास पुन्हा गोठवा.

तिसरा मार्ग हाताचा. मिश्रण पसरट धातूच्या भांड्यात ओतायचं, पाऊण तासाने काढायचं, कडेला गोठलेला भाग काट्याने मधे ओढून जोरात घोटायचं आणि परत ठेवायचं. मग दर अर्ध्या तासाने असं चार-पाच वेळा. चव तीच येते, पोत मात्र जरा रवाळ राहतो.

तो रवाळपणाच आवडत असेल तर मुद्दाम ग्रानिटा करा. तेच मिश्रण, पण साखर जवळपास निम्मी आणि पाणी थोडं जास्त. घोटायचं नाही, दर अर्ध्या तासाने काट्याने फक्त खरवडत राहायचं, म्हणजे सुटे बर्फकण तयार होतात. साखर खरोखर कमी करायची असेल त्यांच्यासाठी हाच सरळ रस्ता आहे. कमी साखरेचं सॉर्बे मऊ करण्यासाठी धडपडण्यापेक्षा हे कितीतरी बरं. पिकलेल्या केळ्याचं मात्र वेगळं आहे. त्याच्या चकत्या गोठवून मिक्सरमधून काढल्या की वरून साखर न घालताही मऊसूत गोळा तयार होतो.

मऊपणासाठी आणखी काही

साखरेचा चौथा हिस्सा कमी करून त्याऐवजी ग्लुकोज सिरप किंवा मध घातला तर कण बारीक राहतात. ग्लुकोज सिरपची गोडी साखरेपेक्षा कमी असते आणि ते फळाच्या चवीत लुडबुड करत नाही. मध स्वतःची चव सोडतो, तो आंबट फळांशी जमतो. काहीजण चमचाभर मद्य घालतात. ते फ्रीजरच्या थंडीत गोठत नसल्यामुळे मऊपणा येतो, पण हात सैल सोडलात तर सॉर्बे गोठणारच नाही.

बिघडलं तर फेकू नका. फार कडक झालं असेल तर फ्रिजमध्ये वितळवा, दोन-तीन चमचे साखर विरघळवून घाला आणि पुन्हा गोठवा. गोठतच नसेल तर साखर जास्त झाली आहे, मग थोडा गर किंवा पाणी वाढवा. बाहेर उन्हात तासन्‌तास वितळून पडलेलं मात्र परत गोठवू नका.

साठवताना पृष्ठभागाला चिकटेल असा प्लास्टिकचा पातळ कागद किंवा बटर पेपर लावा, त्यावर घट्ट झाकण. डबा फ्रीजरच्या दारात न ठेवता आत, मागच्या बाजूला ठेवा. दार उघडझाप झाल्याने तापमान वरखाली होतं आणि दरवेळी कण थोडे मोठे होतात. आठवडाभरात संपवलं तर चव उत्तम, दोन आठवड्यांनंतर सुगंध उतरायला लागतो. वाढण्यापूर्वी डबा दहा मिनिटं फ्रिजमध्ये आणून ठेवा आणि वाट्या आधीच गार करून घ्या. चमचा गरम पाण्यात बुडवून, पुसून मग गोळा काढा. पाणी तसंच राहिलं तर त्याचा पापुद्रा गोळ्यावर गोठतो.