चेतापेशीचे भाग शिकताना आणि आकृती काढताना या चुका टाळा

‘चेतापेशीची सुबक व नामनिर्देशित आकृती काढा’ हा प्रश्न सोपा वाटतो. सात-आठ नावं असतात, ती आदल्या रात्री पाठ होतात आणि सकाळी आठवतातही. गुण जातात ते नावाची रेघ चुकीच्या जागी टेकल्यामुळे. म्हणून इथे नावांच्या यादीपेक्षा जागा, दिशा आणि माप यांवर भर दिला आहे. बहुतेक चुकांचं मूळ या तिघांपैकी एकात सापडतं.

शब्दांचा गोंधळ आधी मिटवा

बोलीभाषेत ‘शीर दबली’, ‘नस आखडली’ म्हणताना आपण चेतेबद्दल (इंग्रजीत नर्व्ह) बोलत असतो. ‘शिरेतून सलाइन लावलं’ म्हणतो तेव्हा ती रक्तवाहिनी असते. ‘मज्जा’ शब्दाचा त्रास याहून मोठा. जुन्या पुस्तकांत चेतासंस्थेला मज्जासंस्था म्हणतात, मेंदूच्या तळाच्या भागाला आपण आजही लंबमज्जा म्हणतो. पण हाडांच्या पोकळीतली अस्थिमज्जा रक्तपेशी तयार करते आणि तिचा यापैकी कशाशीही संबंध नाही.

आता तीन शब्द वेगळे ठेवा. चेतापेशी म्हणजे एक अख्खी पेशी: पेशीकाय (केंद्रक असलेला मुख्य भाग), वृक्षिका (संदेश आणणारे फाटे) आणि अक्षतंतू (संदेश नेणारा लांब फाटा) मिळून. चेतातंतू म्हणजे अक्षतंतू आणि त्याच्यावरचं आवरण. चेता म्हणजे अशा शेकडो-हजारो तंतूंची जुडी, सोबत संयोजी ऊती आणि बारीक रक्तवाहिन्या. ‘चेता म्हणजे लांब चेतापेशी’ असं उत्तर लिहिलंत तर ते चूक, कारण चेतेत असतात ते तंतू. त्यांचे पेशीकाय मेंदूत, मेरुरज्जूत किंवा गुच्छिकांमध्ये (त्यांच्याबाहेरच्या पेशीकायांच्या पुंजक्यांमध्ये) असतात.

पेशीकाय बंद वर्तुळ नाही

सर्वांत जास्त दिसणारी चूक: आधी एक गोल काढायचा, तो पूर्ण बंद करायचा आणि मग बाहेरून काड्या चिकटवायच्या. अशा आकृतीत पेशीकाय आणि वृक्षिका यांच्यामध्ये भिंत तयार होते. प्रत्यक्षात पेशीपटल एकच असतं आणि ते पेशीकायावरून वृक्षिकांवर व अक्षतंतूवर अखंड जातं. आतला पेशीद्रवही सलग असतो.

आकृती अशी काढा. पानाच्या डाव्या बाजूला साधारण ३ सेंमी रुंदीचा पेशीकाय धरा, पण बाह्यरेषा बंद करू नका. पाच-सहा ठिकाणी रेषा बाहेर वळवून दुहेरी रेषांच्या वृक्षिका काढा. त्या पेशीकायाजवळ जाड आणि टोकाकडे निमुळत्या होत, फांद्या फुटत जातात. उजव्या बाजूला पेशीकाय शंकूसारखा निमुळता करा. हा अक्षतंतूचा उंचवटा. तिथून ४ मिमी अंतरावरच्या दोन समांतर रेषा ९ सेंमी पुढे न्या. अक्षतंतूची जाडी लांबवर जवळपास सारखी राहते आणि नेमका हाच फरक परीक्षकाला दिसायला हवा. त्यावर मेदआवरणाचे (अक्षतंतूवरच्या चरबीयुक्त वेष्टनाचे) प्रत्येकी २ सेंमीचे चार तुकडे काढा, दोन तुकड्यांत ३ मिमी मोकळी जागा ठेवा. शेवटी चार-पाच बारीक फांद्या आणि प्रत्येकीच्या टोकाला छोटी गुंडी. नावं उजवीकडे एकाखाली एक लिहा. रेघा पट्टीने काढा, त्या एकमेकींना छेदू देऊ नका आणि रेघेचं टोक त्या भागाला टेकलंच पाहिजे, जवळपास नाही.

वृक्षिका आणि अक्षतंतू यांची अदलाबदल होत असेल तर मराठी नावांकडेच नीट पाहा. वृक्षिकेत वृक्ष आहे, फांद्यांचा पसारा. अक्षतंतूत अक्ष आहे, एकच दांडा. डेंड्राइट आणि अॅक्सॉन ही नावं पाठ करणाऱ्यांपेक्षा मराठीतून शिकणाऱ्यांना इथे खरं तर फायदा आहे.

केंद्रक कुणाचं?

चेतापेशीत केंद्रक एकच, पेशीकायात. तरी आकृतीत मेदआवरणाच्या प्रत्येक तुकड्यावर एक ठिपका असतो आणि त्यालाही मुलं ‘चेतापेशीचं केंद्रक’ असं नाव देतात. ते केंद्रक श्वान पेशीचं आहे. (श्वानाचा इथे कुत्र्याशी संबंध नाही, थिओडोर श्वान या जर्मन शास्त्रज्ञाचं ते आडनाव.) मेदआवरण हा चेतापेशीचा भाग नव्हेच. शेजारची श्वान पेशी अक्षतंतूभोवती स्वतःला गुंडाळून घेते, सुरळीसारखे अनेक वेढे पडतात, तिचं केंद्रक आणि बराचसा पेशीद्रव सर्वांत बाहेरच्या थरात ढकलला जातो. आवरणाचा एक तुकडा म्हणजे एक श्वान पेशी.

ही गोष्ट हात, पाय, धड यांतल्या चेतांपुरती. मेंदू आणि मेरुरज्जू यांत श्वान पेशी नसतात. तिथे ऑलिगोडेंड्रोसाइट ही चेताश्लेष पेशी (चेतापेशींना आधार देणारी पेशी) आवरण तयार करते आणि एकच पेशी अनेक तंतूंना हात पुरवते. ‘मेंदूतील चेतापेशी’ असं शीर्षक देऊन खाली श्वान पेशी दाखवली तर आकृती कितीही सुबक असली तरी चूकच. उलट बाजूची चूकही होते: मेदआवरण नसलेल्या तंतूंना श्वान पेशी नसतात असं लिहिलं जातं. परिघीय चेतांतल्या अशा तंतूंनाही श्वान पेशी कवेत घेतात, फक्त वेढे पडत नाहीत.

नोड म्हणजे गाठ, म्हणून गाठ काढली

रॅनव्हिएच्या नोडचं भाषांतर ‘गाठ’ असं डोक्यात बसलं की आकृतीत दोरीच्या गाठीसारखा फुगवटा येतो. तिथे फुगवटा नाही, खाच आहे: दोन तुकड्यांमधली आवरण नसलेली जागा. लुई-आँत्वान रॅनव्हिए यांनी १८७०च्या दशकाच्या सुरुवातीला तिचं वर्णन केलं तेव्हा वापरलेल्या फ्रेंच शब्दाचा अर्थही ‘आवळलेली जागा’ असाच होतो.

खाच चुकली की आवेगाचं, म्हणजे तंतूतून जाणाऱ्या विद्युत संदेशाचं, पुढचं स्पष्टीकरणही चुकतं. ‘आवेग मेदआवरणातून उड्या मारत जातो’ हे वाक्य उत्तरपत्रिकांत सर्रास दिसतं. आवरण विद्युतरोधक आहे, त्यातून काही जात नाही. सोडियम आयन आत येण्याचे दरवाजे प्रामुख्याने खाचांमध्ये दाटीने असतात, म्हणून आवेग प्रत्येक खाचेत नव्याने उभा राहतो आणि मधलं अंतर झपाट्याने कापलं जातं. जाड, आवरणयुक्त तंतूंत हा वेग सेकंदाला १२० मीटरपर्यंत पोचतो, आवरण नसलेल्या बारीक तंतूंत ०.५ ते २ मीटर असतो. ठेच लागल्यावर आधी तीक्ष्ण कळ येते आणि ठसठस मागून, ते यामुळेच: कळ पातळ आवरण असलेल्या तंतूंतून येते, ठसठस आवरण नसलेल्या तंतूंतून.

गुंडी चिकटवू नका

दोन चेतापेशी दाखवताना पहिलीची गुंडी दुसरीच्या वृक्षिकेला टेकवली की संपर्कस्थान (दोन पेशींमधला सांधा) पुसलं गेलं. मधे फट हवी. शिवाय नाव देताना रेघ गुंडीवर नेऊ नका, कारण गुंडी हा संपर्कस्थानाचा फक्त एक भाग. गुंडीचं पटल, साधारण २० ते ४० नॅनोमीटरची फट आणि पलीकडच्या पेशीचं पटल हे तिन्ही मिळून संपर्कस्थान. गुंडीत रसायनाच्या पुटिका असतात. फटीतून पलीकडे जातं ते रसायन, वीज नव्हे. थेट विद्युत जोडणी असलेली संपर्कस्थानंही शरीरात आहेत, पण शाळेच्या आकृतीत अपेक्षित असतं ते रासायनिकच.

चिकटवणाऱ्यांना एक दिलासा: हीच चूक कामिल्लो गॉल्जी यांनीही केली होती. १८७३ मध्ये त्यांनी चेतापेशी काळ्या रंगवण्याची पद्धत शोधली, तरी सगळ्या पेशी मिळून एक सलग जाळं आहे असंच ते मानत राहिले. सांतियागो रामोन इ काहाल यांनी तीच पद्धत वापरून पेशी सुट्या असल्याचं मांडलं. १९०६ चं नोबेल दोघांना विभागून मिळालं. ती फट डोळ्यांनी दिसली इलेक्ट्रॉन सूक्ष्मदर्शकातून, १९५०च्या दशकात.

‘वृक्षिका आणते, अक्षतंतू नेतो’ हा नियम कुठे अडतो

बहुध्रुवी (अनेक फाट्यांच्या) चेतापेशीत, म्हणजे आपण नेहमी काढतो त्या आकृतीत, नियम चोख चालतो: बाण वृक्षिकेकडून पेशीकायाकडे आणि तिथून अक्षतंतूच्या टोकाकडे. त्वचेकडून येणाऱ्या संवेदी चेतापेशीत मात्र तो अडतो. तिचा पेशीकाय मेरुरज्जूच्या बाजूच्या गुच्छिकेत बसलेला असतो, त्याला एकच छोटा देठ असतो आणि तो देठ टी आकारात दुभंगतो. एक फांदी त्वचेकडे, दुसरी मेरुरज्जूकडे. त्वचेकडची फांदी संदेश आत आणते म्हणून तिला वृक्षिका म्हणावं, तर तिची रचना पूर्णपणे अक्षतंतूची: लांब, सारख्या जाडीची, बहुधा मेदआवरण असलेली. हिला आभासी एकध्रुवी चेतापेशी म्हणतात.

इथली ठरलेली चूक म्हणजे संवेदी चेतापेशी म्हणून बहुध्रुवी पेशीच काढून फक्त बाण उलटा करणं. बाण उलटा केला की आवेग अक्षतंतूच्या टोकाकडून वृक्षिकांकडे जातो, जे शरीरात या पद्धतीने घडत नाही. पेशीकाय तंतूच्या एका बाजूला लोंबता काढा, म्हणजे प्रश्न मिटतो. द्विध्रुवी (दोनच फाटे असलेल्या) पेशीचं उदाहरण विचारलं तर डोळ्याचा दृष्टिपटल लिहा.

माप समजलं नाही तर

पुस्तकातली कोणतीही आकृती प्रमाणात नसते, ती असूच शकत नाही. सगळं हजारपट मोठं करून पाहा. ५० मायक्रोमीटरचा पेशीकाय ५ सेंमीच्या लिंबाएवढा होईल. आवरणासह १० मायक्रोमीटर जाडीचा तंतू १ सेंमी जाड होईल, म्हणजे करंगळीएवढा. पाठीच्या कण्याच्या खालच्या भागातून पायाच्या पंजापर्यंत जाणारा साधारण १ मीटरचा अक्षतंतू होईल १ किलोमीटरचा! श्वान पेशीचा १ मिमीचा तुकडा १ मीटर लांब, त्यानंतरची खाच जेमतेम १ मिमी. आणि संपर्कस्थानाची फट ०.०२ मिमी, वहीच्या कागदापेक्षाही कमी. आपण चार तुकडे काढतो तिथे खऱ्या तंतूवर हजाराच्या आसपास असतात, म्हणून आकृतीत अक्षतंतूच्या मध्यावर दोन तिरक्या छेदरेषा देणं प्रामाणिकपणाचं.

सूक्ष्मदर्शकाखाली आकृतीसारखं काही दिसत नाही

प्रयोगशाळेत मेरुरज्जूच्या स्मिअरची (काचेवर पसरवलेल्या पातळ थराची) तयार काचपट्टी मिळते. आधी १० च्या वस्तुभिंगाने शोधा, पेशी मध्यभागी आणा, मगच ४० चं लावा. शेकडो बारीक गडद ठिपके दिसतात ती चेताश्लेष पेशींची केंद्रकं. त्यांनाच चेतापेशी समजून वहीत काढलं जातं. खरी चेतापेशी त्यांच्या कितीतरी पट मोठी, कोनाकोनाची आणि मधोमध फिकट केंद्रकात एक ठळक केंद्रिका असलेली. अख्खा अक्षतंतू शोधण्यात वेळ घालवू नका, स्मिअर करतानाच तो तुटलेला असतो. मेदआवरणही दिसणार नाही. मेथिलीन ब्लू किंवा टोल्युइडीन ब्लूने रंगवलेल्या पट्टीत पेशीकायात निळे निस्सल कण दिसतात. ते वृक्षिकांच्या बुडाशीही असतात, पण अक्षतंतूच्या उंचवट्यात आणि अक्षतंतूत नसतात. म्हणून पाच-सहा फाट्यांपैकी ज्याचं बूड फिकं, कणांशिवायचं दिसेल, तोच अक्षतंतू. सगळेच फाटे निळे दिसले तर अक्षतंतू त्या पेशीवर तुटला आहे किंवा पातळीबाहेर आहे. सूक्ष्म समायोजक थोडा फिरवून पाहा, नाहीतर सरळ दुसरी पेशी घ्या.