आपलं घर मुंबईत कसं आलं? स्थलांतराचा इतिहास लिहिताना या चुका टाळा

लालबागच्या एका शाळेत मी इतिहास शिकवते. दिवाळीच्या सुट्टीत नववीच्या मुलांना दरवर्षी एकच गृहपाठ देते: आपलं घर मुंबईत कसं आलं, ते घरच्यांना विचारून दोन पानं लिहून आणा. वह्या जमा झाल्या की बहुतेकांचं पहिलं वाक्य सारखंच निघतं. ‘आमचे पणजोबा पोटासाठी मुंबईला आले.’ दुसऱ्या वाक्यात ते थेट गिरणीत चिकटलेले असतात.

वाक्य खोटं नाही. पण पोट गावातल्या प्रत्येकालाच होतं. मग चार भावांतला तिसराच का निघाला? त्याच साली का निघाला? पहिल्या रात्री झोपला कुठे? मागे शेती कुणी कसली? देशोदेशींच्या मोठ्या स्थलांतरांचा अभ्यासही याच प्रश्नांवर उभा आहे. वह्या तपासताना, आणि त्याआधी माझ्या स्वतःच्या घराबद्दल लिहिताना, ज्या चुका पुन्हा पुन्हा दिसल्या त्या इथे मांडते.

‘गावात पिकत नव्हतं’ एवढंच लिहिणं

आमच्या घरात हेच सांगितलं जायचं, मीही तेच लिहिलं होतं. एकदा आजीला वही वाचून दाखवली तर ती म्हणाली, “पिकत नव्हतं कसं? पिकायचं. पण अर्धं खोताच्या घरी जायचं.” या दोन वाक्यांनी मला सगळं पान फाडून पुन्हा लिहायला लावलं. कोकणात खोती होती. खोत सरकारसाठी सारा गोळा करायचा, कुळाकडून अनेक गावांत भाताचा निम्मा वाटा घ्यायचा, वर वेठ राबवायचा. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी १९३७ साली खोती रद्द करण्याचं विधेयक मुंबईच्या विधिमंडळात मांडलं, पण प्रत्यक्ष कायदा व्हायला १९४९ उजाडलं. म्हणजे आजोबांना गावाबाहेर काढलं ते जमिनीने नव्हे, पिकाच्या वाटणीने.

ही झाली ढकलणारी बाजू. ओढणारी बाजू वेगळी शोधावी लागते. कावसजी दावर यांनी १८५४ मध्ये मुंबईतल्या पहिल्या कापड गिरणीची कंपनी काढली आणि दोन वर्षांनी ताडदेवला ती गिरणी सुरू झाली. १८६१ ते ६५ या काळात अमेरिकेत यादवी पेटली, इंग्लंडच्या गिरण्यांना तिकडचा कापूस मिळेना, आणि आपल्याकडच्या कापसाने मुंबईत पैशाचा पूर आणला. युद्ध संपलं तशी १८६५ मध्ये बाजाराची पडझड झाली. पण त्या पैशाने उभं राहिलेलं शहर मागे उरलं आणि पुढच्या काही दशकांत गिरणगाव वाढत गेलं.

तिसरी गोष्ट मुलं हमखास विसरतात, ती म्हणजे वाट. एव्हरेट ली या अमेरिकी अभ्यासकाने १९६६ मध्ये सुटण्याचं ठिकाण आणि पोचण्याचं ठिकाण यांच्यामधल्या अडथळ्यांना स्थलांतराच्या विचारात मुद्दाम जागा दिली. आपल्याकडे तो अडथळा डोळ्यांना दिसणारा आहे. कोकण रेल्वे पूर्ण धावायला १९९८ साल लागलं. त्याआधी बोट होती, आणि पावसाळ्यात कोकणातल्या लांब पल्ल्याच्या बोटी बंद असायच्या. तेव्हा ‘पणजोबा श्रावणात बोटीने आले’ असं कुणी सांगितलं तर तिथे थांबून परत विचारा. महिना तरी चुकला असेल, नाहीतर ते घाट चढून गेले असतील. घाट चढून गेले असतील तर त्यांची गोष्टच निराळी.

सगळ्यांत गरीब तोच बाहेर पडतो, असं धरून चालणं

बाहेर पडायला पैसा लागतो, ओळख लागते, पाठ टेकायला जागा लागते. आयर्लंडमध्ये १८४५ पासून बटाट्यावर रोग पडला. पुढच्या काही वर्षांत सुमारे १० लाख माणसं मेली आणि त्याहून जास्त देश सोडून गेली. अगदी कंगाल होते त्यांच्यातले बरेच जागीच मेले. ज्यांच्याकडे बोटीचं भाडं होतं किंवा आधी गेलेल्या भावाने तिकीट पाठवलं होतं, ते निघाले. भूगोलाचे अभ्यासक ई. जी. रेवेनस्टाइन यांनी १८८५ मध्येच लिहून ठेवलं होतं की बहुतेक माणसं लांब जात नाहीत, जवळच सरकतात, आणि प्रत्येक प्रवाहाला उलटा प्रवाहही असतो.

म्हणून विचारायचा प्रश्न हा: आधी कोण आलं होतं? गिरणगावात गावोगावच्या बैठकीच्या खोल्या होत्या. एका खोलीत वीस-पंचवीस पुरुष, भिंतीला ट्रंका लावलेल्या, एक पाळी कामाला गेली की दुसरी तिच्याच जागेवर झोपायची. गावच्या माणसाने जॉबरकडे, म्हणजे कामगार भरणाऱ्या मुकादमाकडे, शब्द टाकायचा, मग बदली कामगारांत नाव लागायचं. ज्या गावाची खोली नव्हती, त्या गावातून मुंबईला माणूस जाणं अवघड होतं, मग दुष्काळ कितीही मोठा असो.

साल आठवत नाही म्हणून पान कोरं सोडणं

“बाई, आजीला साल आठवत नाही,” ही दरवर्षीची तक्रार. थेट साल विचारूच नका, घटनेला लावून विचारा. रेवसला जाणारी रामदास बोट बुडाली (१७ जुलै १९४७) तेव्हा आजोबा इथे होते का? कोयनेचा भूकंप (११ डिसेंबर १९६७) गावात जाणवला की मुंबईत? बाहत्तरच्या दुष्काळाआधी की नंतर? १९८२ च्या गिरणी संपाच्या वेळी बाबा कितवीत होते? दोन-तीन घटनांमध्ये साल आपोआप पकडीत येतं.

कागदही बोलतात. शाळा सोडल्याचा दाखला, जुनं रेशनकार्ड, गिरणीचा पास, आणि गावाकडचा फेरफार, ज्यात वारसांची नावं लागलेली असतात. एक अडचण इथे नेहमी येते: दाखल्यावर जन्मस्थळ ‘जि. रत्नागिरी’ आणि गाव तर सिंधुदुर्गात! गोंधळू नका. सिंधुदुर्ग जिल्हा १९८१ मध्ये वेगळा झाला. त्याच साली कुलाबा जिल्ह्याचं नाव रायगड झालं.

बायकांना ‘सोबत आल्या’ म्हणून संपवणं

ही मला सगळ्यांत जास्त खटकणारी चूक. भारतात स्थलांतर करणाऱ्यांत बायका जास्त आहेत. २०११ च्या जनगणनेत गाव किंवा शहर बदललेल्या माणसांचा आकडा सुमारे ४५ कोटी आहे, त्यातल्या दोन तृतीयांश स्त्रिया, आणि सर्वांत मोठं कारण लग्न. वंशावळीत मात्र आजीचं माहेर कुठेच नसतं. चार पिढ्यांतल्या चार बायका चार गावांतून आलेल्या असतात. त्यांची गावं लिहिली की घराचा नकाशाच बदलतो.

आणि ज्या आल्याच नाहीत त्यांचं काय? रत्नागिरी जिल्ह्यात २०११ ला हजार पुरुषांमागे ११२२ स्त्रिया होत्या, तर सबंध महाराष्ट्रात ९२९. हा आकडा म्हणजे मुंबईच्या खोल्यांचीच दुसरी बाजू. आमच्या आजीच्या पत्र्याच्या पेटीत मनीऑर्डरच्या कुपनांचा गठ्ठा होता, दोऱ्याने बांधलेला. मनीऑर्डरच्या फॉर्मवर निरोपाला जागा केवढीशी, त्यात आजोबांचं एकच वाक्य पुन्हा पुन्हा: ‘मी खुशाल आहे, नांगरणीचे पैसे यातच आहेत.’ पैसे त्यांनी पाठवले. नांगरणी, लावणी, सासू, दोन पोरं आणि भातकापणी हिने सांभाळली. कोकणाची मनीऑर्डरवरची अर्थव्यवस्था म्हणतात, तिची दुसरी सही नेहमी अशा बाईची असते. स्थलांतराचे परिणाम लिहायचे तर शहराबरोबर ते पडवीतही शोधावे लागतात.

जबरदस्तीला ‘नोकरी’च्या खणात टाकणं

अटलांटिकपार गुलाम म्हणून जहाजांत कोंबलेली सुमारे सव्वा कोट आफ्रिकी माणसं, १९४७ च्या फाळणीत उखडलेली कोटभराहून अधिक, ही ‘संधी शोधत’ गेली नव्हती. कल्याणजवळच्या लष्करी छावणीत सिंधी निर्वासित आले आणि १९४९ मध्ये तिचं उल्हासनगर झालं. मॉरिशसला १८३४ पासून करारावर मजूर गेले, त्यांत कोकणातली मराठी माणसंही होती. तिथे सही होती खरी, पण कागदावर काय लिहिलंय ते किती जणांना कळलं होतं, हे विचारायलाच हवं.

मुंबईकराने पुण्याजवळचं मुळशी तर विसरू नये. १९२१ ते २४ या काळात सेनापती बापटांनी ज्या धरणाविरुद्ध सत्याग्रह केला, ते टाटांचं धरण मुंबईला वीज पुरवण्यासाठी होतं. इथली गिरणी चालावी म्हणून तिथलं गाव उठलं. एखाद्या मुलाच्या वहीत ‘धरणात गाव गेलं’ असं ओझरतं आलं असेल तर तेच पहिलं वाक्य करा.

शहरात जात सुटली, असं लिहून टाकणं

सुटली असती तर बरं झालं असतं. गिरणीत विणखात्यात पगार चांगला, पण तिथे धोट्यातला (मागावर आडवा धागा नेणाऱ्या साधनातला) धागा तोंडाने ओढून घ्यावा लागे. तो उष्टा होतो, म्हणून दलित कामगारांना त्या खात्यात घेत नसत. त्यांच्या वाट्याला कमी पगाराची खाती. गाव सोडण्याचं कारण आणि गावाबाहेर भेटलेली वागणूक, दोन्हींत जात होती. घरात हे कुणी बोलत असेल तर जसंच्या तसं उतरवून घ्या, सौम्य करू नका.

आले ते आलेच, असं समजणं

१८९६ मध्ये मुंबईच्या मांडवी भागात प्लेग सुरू झाला आणि लोकांचे लोंढे शहराबाहेर पडले. १८९१ ला ८.२१ लाख असलेली मुंबई १९०१ ला ७.७६ लाखांवर आली. १८ जानेवारी १९८२ ला सुरू झालेल्या संपात सुमारे अडीच लाख गिरणी कामगार होते. त्यातले कितीतरी गावी परतले ते कायमचे.

आणि तिसरी हालचाल आपल्या डोळ्यांसमोर झाली तरी वहीत येत नाही. २००१ ते २०११ या दहा वर्षांत रत्नागिरी जिल्ह्याची लोकसंख्या सुमारे १६.९७ लाखांवरून १६.१५ लाखांवर उतरली, आणि त्याच दहा वर्षांत कुलाबा ते माहीम-शीव हा मुंबई शहर जिल्हाही ३३.३८ लाखांवरून ३०.८५ लाखांवर आला. गावही रिकामं होतंय आणि चाळही. माणसं गेली कुठे? नालासोपारा, दिवा, डोंबिवली, बदलापूर. माझ्या वर्गातली निम्मी मुलं आता लोकलने शाळेत येतात, कारण आईवडिलांना लालबागची शाळा सोडवत नाही. परळची खोली विकून बदलापूरला जाणं हेही स्थलांतरच, त्याचंही साल आणि कारण लिहा.

‘आम्ही मूळचे इथलेच’

किती पिढ्यांपर्यंत मागे जाताय, ते आधी ठरवा. आजचा सगळा माणूस आफ्रिकेतून पसरलेला आहे, त्यामुळे ‘मूळ’ हा शब्द काळ सांगितल्याशिवाय निरर्थक. मुंबईत कोळ्यांची वस्ती सगळ्यांत जुन्यांपैकी, पाठारे प्रभू आपली परंपरा १३ व्या शतकातल्या भीमराजाशी जोडतात. बेने इस्रायल घराणी अलिबागकडच्या गावांत तेल गाळायची, मराठी बोलायची, शनिवारी घाणा बंद ठेवायची म्हणून ‘शनिवार तेली’ म्हणवली गेली. पुढे मुंबईत आली, १७९६ मध्ये इथे त्यांचं सिनेगॉग उभं राहिलं, आणि १९४८ नंतर त्यातली बहुतेक इस्रायलला गेली, मराठी सोबत घेऊन.

घरचे बोलतच नाहीत, तेव्हा

ही चूक नाही, अडचण आहे, आणि सगळ्यांत अवघड. मागे कर्ज असतं, भांडण असतं, कधी अपमान. ‘का आलात?’ असं तोंडावर विचारलं की माणूस मिटतो. वस्तूंपासून सुरुवात करा: पहिल्यांदा काय खाल्लं, अंघोळ कुठे करायचात, चप्पल कुठून घेतली. गेल्या वर्षी एका मुलीची आजी महिनाभर गप्प होती. मी मुलीला सांगितलं, खानावळीबद्दल विचार. आजी घरात तीस गिरणी कामगारांचं जेवण करायची, तिन्ही पाळ्यांचं. ती दोन तास बोलली. भाकऱ्या मोजायला तिने दारामागे कोळशाने रेघा ओढल्या होत्या. संप लागला तेव्हा त्या रेघांचे पैसे आलेच नाहीत, पण गावी निघालेल्या प्रत्येकाच्या हातात तिने दोन भाकऱ्या आणि चटणी बांधून दिली. मुलीने विचारलं, त्यांच्यातलं कोण परत आलं? आजीने तीन नावं सांगितली, त्यांची गावं सांगितली, आणि कुणाकडे किती बाकी होती तेही.