जुन्या विंडोज एक्सपीवर मराठी फुटतंय? आधी हे करा

नौपाड्यात काकांच्या झेरॉक्सच्या दुकानात अजून एक्सपीवालं डबडं चालू आहे, परवा गेलो तर म्हणे अरे बघ ना, मराठी फाइल उघडली की पहिली वेलांटी अक्षराच्या आधी यायची ती नंतर येते न् जोडाक्षरं सगळी सुटी. नवीन फॉन्ट टाकून बघितले होते त्यांनी, कसलं काय. अक्षरं जोडायचं काम करते युनिस्क्राइब नावाची लायब्ररी (विंडोजचाच एक तयार भाग), फाइल यूएसपी१०.डीएलएल, पण एक्सपीत आपल्या लिप्यांचा सपोर्ट स्वतः चालू करावा लागतो.

कंट्रोल पॅनेलमधून रीजनल अँड लँग्वेज ऑप्शन्स, मग लँग्वेजेस टॅब, तिथे कॉम्प्लेक्स स्क्रिप्टवाल्या (म्हणजे आपल्यासारख्या जोडाक्षरांच्या लिप्यांच्या) ओळीवर टिक करून ओके. विंडोजची सीडी मागितली तर घालून आय३८६ फोल्डर दाखवायचा (ती सापडेपर्यंत आमचे दोन चहा झाले), मग रीस्टार्ट.

आणि प्लीज, कुठल्यातरी फुकट साइटवरून ती डीएलएल फाइल आणून विंडोजच्या सिस्टम३२ फोल्डरमध्ये कोंबू नका, व्हायरसची भीती आहेच, वर विंडोज बहुतेक जुनीच फाइल परत बसवतं. एक्सपीनंतरच्या विंडोज व्हिस्टापासून पुढे ही भानगडच नाही, सपोर्ट आधीच चालू असतो.

एवढं करूनही इंग्रजी अक्षरांचा कचरा दिसत असेल तर ती फाइल युनिकोडमध्ये (सगळ्या लिप्यांसाठीची आजची प्रमाण पद्धत) नाहीच, जुन्या फॉन्टमध्ये टाइप केलीय, तिला युनिकोडमध्ये बदलणारा कन्व्हर्टर लागेल.