गिऱ्ह्याचा माग खाडीच्या चिखलात

गिऱ्हा म्हणजे बुडून मेलेल्याचं भूत. पाण्यात राहतो, रात्री उतार दाखवतो असं सांगून वाटसराला खोलात नेतो. त्याचा पुरावा शोधायचा तर खाडीकाठचा चिखल वाचता आला पाहिजे, आणि त्याआधी भरतीचं गणित.

तिथीची पाऊणपट केली की पूर्ण भरतीची ढोबळ वेळ मिळते: चतुर्थीला ३, अष्टमीला ६. तिथून सहा तासांनी सुकती, म्हणजे पूर्ण ओहोटी. पौर्णिमा-अमावास्येला भरती मध्यरात्रीच्या सुमारास येते, म्हणून पहाटे उघडा पडलेला चिखल ताजा असतो. ओल्या पाचोळ्याच्या रेषेखालचा ठसा त्या रात्रीचाच. रेषेवरच्या ठशाचं वय ठरवू नका. भांगाच्या, म्हणजे अष्टमीच्या आसपासच्या लहान भरतीच्या, दिवसांत पाणी तिथवर चढतच नाही, आणि आठवडाभर जुना ठसाही तिथे टिकतो.

आधी शेजारी मोजपट्टी ठेवून नेमका वरून फोटो घ्या. मग बाटली कापून केलेली चार सेंटिमीटर उंच पट्टी ठशाभोवती रोवा. दोन वाट्या प्लास्टर ऑफ पॅरिसला एक वाटी पाणी, तेही घरून आणलेलं गोडं. खाडीच्या पाण्यातल्या मिठाने प्लास्टर लवकर आवळतं आणि ओतण्याआधीच भांड्यात गुठळ्या होतात. ठशात पाणी साचलं असेल तर आधी कोरडं प्लास्टर भुरभुरवा. मिश्रण थेट ठशात ओतू नका, बोटांच्या खुणा मोडतात. चमच्यावरून कडेने सोडा. अर्ध्या-पाऊण तासाने खालच्या चिखलासकट उचला आणि दुसऱ्या दिवशी, पूर्ण सुकल्यावरच, धुवा. घाईने घासलेला साचा वाया जातो.

पाच बोटं आणि मधे पडद्याची पुसट खूण दिसली तर ते पाणमांजर. जवळच खवले आणि कुर्ल्यांची कवचं असलेली, मासळीच्या वासाची विष्ठा सापडली की खात्री पटते. रात्रीच्या शिट्ट्याही त्याच्याच असू शकतात. दोन बाजूंच्या पावलांमधून शेपटीची ओढ गेली असेल तर मगर धरा. चिपळूणच्या वाशिष्ठीत मगरी आहेत, तेव्हा अशा नदीवर एकट्याने जाऊ नका आणि पाण्यात पाय घालू नका. बॅटरीच्या झोतात तांबूस चमकणारे डोळे दिसले तर मागे फिरा.

पाण्यावर निळसर उजेड दिसला तर काठावरूनच दगड टाका. पाणी ढवळलं तिथेच उजळलं, तर ते चमकणारे सूक्ष्मजीव. उजेड आपापला सरकत असेल तर कुर्ल्या धरणाऱ्यांची बत्ती आहे का, हे दुसऱ्या दिवशी वाडीत विचारा.

हाडं, कातडी उचलू नका, १९७२च्या वन्यजीव संरक्षण कायद्यात अडकाल. फोटो पुरे.

ज्यांनी पाहिलं त्यांना वेगवेगळं विचारा, आणि ‘गिऱ्हा’ हा शब्द आपण आधी काढू नका. तिथी, वेळ, भरती की सुकती, एवढं लिहून घ्या. त्या जागी कोणी बुडालं असेल तर घरच्यांना या चौकशीत ओढू नका. ज्या खुणेचा उलगडा झाला नाही तिच्यापुढे ‘अनोळखी’ लिहा, आणि पुढच्या त्याच तिथीला पहाटे पुन्हा तिथेच जा.