जुन्या पोस्टाच्या इमारतीचं वय कसं काढावं

पोस्ट कधी सुरू झालं आणि इमारत कधी उभी राहिली, या दोन तारखा वेगळ्या धराव्यात. गावोगावची कितीतरी पोस्टं आधी भाड्याच्या वाड्यात चालायची. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात निघालेल्या मुंबई इलाख्याच्या जिल्हा गॅझेटियरमध्ये पोस्टाची नोंद सापडली, तरी ती कचेरीची असते, भिंतींची नव्हे. इमारतीसाठी नगर भूमापन कार्यालयातून जागेचं मालमत्ता पत्रक काढा आणि मगच पाहणीला जा. आतल्या फोटोंसाठी पोस्टमास्तरांची परवानगी आधी घ्या. तिजोरी, रोकड, टपालाच्या पिशव्या यांचे फोटो काढू नयेत.

सुरुवात छपरापासून करा. मंगलोरी कौलांच्या आतल्या बाजूला कारखान्याचा ठसा असतो. बहुतेक जण इथेच फसतात. बासेल मिशन या ख्रिस्ती मिशनच्या कारखान्यातल्या कौलावर 1865 दिसलं, की इमारत 1865 ची, असं लिहून मोकळे होतात. ते साल कारखाना सुरू झाल्याचं आहे. तोच आकडा पुढे कित्येक वर्षं ठशात राहिला. शिवाय कौलं फुटतात, बदलतात. वेगवेगळ्या जागची वीसेक कौलं पाहा आणि सगळे ठसे टिपून घ्या. वळचणीची कौलं माकडं आणि पाऊस यांच्या तडाख्यात आधी जातात, म्हणून त्यांच्यावर भिस्त नको.

लोखंडी तुळया असतील तर काम सोपं होतं. तुळईच्या उभ्या पट्टीवर पोलादाच्या कारखान्याचं नाव उठावदार अक्षरांत असतं. विजेरी समोरून न मारता कडेने तिरपी धरा, म्हणजे रंगाच्या थरांखालचंही वाचता येतं. 'डॉर्मन लाँग' असेल तर माल इंग्लंडचा. 'टाटा' किंवा 'टिस्को' (टाटांचीच पोलाद कंपनी) असेल तर ती तुळई 1912 च्या आधीची असूच शकत नाही, कारण जमशेदपूरचं पोलाद त्याच साली निघू लागलं. मात्र ती मागाहून घातलेली नाही ना, हे टेकूपाशी पाहा: भिंत फोडून बसवलेल्या तुळईभोवतीचा चुना किंवा सिमेंट बाकीच्या भिंतीपेक्षा वेगळं दिसतं.

मग दर्जा, म्हणजे दगड-विटांच्या सांध्यांत भरलेला माल. पडझड झालेल्या जागी खिळ्याने हलकेच खरवडा. पांढरी भुकटी सहज निघाली तर चुना. खिळा नुसता घासला जाऊन करडा ओरखडा उठला तर सिमेंट. पोरबंदरला सिमेंटचं उत्पादन 1914 मध्ये सुरू झालं, त्याआधी ते बहुतेक परदेशातूनच यायचं. पण वरून सिमेंट आणि दोन इंच आत चुना असंही पुष्कळदा निघतं. ती नंतरची डागडुजी. सिमेंटने ओल आत कोंडते आणि दगडाचे पापुद्रे सुटतात, म्हणून अशा भिंतीची फुगलेली जागाही टिपून ठेवा.

उरली पाटी. टपाल आणि तार ही खाती 1914 मध्ये एक झाली आणि 1985 मध्ये पुन्हा वेगळी झाली, म्हणून 'डाक व तार' लिहिलेली पाटी त्या दरम्यानची. पिनकोड 15 ऑगस्ट 1972 पासूनचा. पाटीवरून इमारतीचं वय मात्र काढू नका. पाटीइतकी बदलायला सोपी वस्तू पोस्टात दुसरी नाही.