मांजराचं दार बसवताना

"बेन, सारा दरवाजामां काणुं केम पाडो छो?" बडोद्याच्या दांडिया बाजारातल्या आमच्या घराचं मागचं दार सागवानी. चांगल्या दाराला भोक कशाला पाडता, म्हणून ते कापायला सुतार तयार होईना. पण पहाटे साडेतीनला मनी बाहेर जाणार, साडेचारला आत येणार आणि दोन्ही वेळा मी उठून कडी काढणार, असं वर्षभर चाललं होतं. पहाट आणि तिन्हीसांज हीच मांजरांची जागी वेळ, त्याला ती काय करणार?

आधी मांजर मोजा, मग दार. मांजर उभं असताना जमिनीपासून पोटापर्यंतची उंची घ्या. मनीची पाच इंच भरली. भोकाची खालची कड तेवढ्यावर किंवा किंचित खाली हवी. जास्त वर गेली तर दर वेळी उडी मारावी लागते, आणि म्हातारपणी सांधे धरले की मांजर ती वाट सोडून देतं. बाहेरची जमीनही मोजा, मी ती विसरले होते. आमचा मागचा चौक उंबरठ्यापासून वीतभर खाली आहे. आतून बरोबर बसलेली झडप बाहेरून मनीच्या डोक्यावर गेली. ती खालून बघायची, लाकडाला पंजे टेकवायची आणि पुन्हा दाराशी बसून ओरडायची. चौकात दोन विटा सिमेंटने बसवल्या, तेव्हा कुठे ती वाट सुरू झाली.

कापण्याआधी कडी कुठे आहे ते बघा. झडपेतून हात घालून माणसाला ती काढता येता कामा नये. टफन (तापवून कडक केलेल्या) काचेला नंतर भोक पाडता येत नाही, काच फुटते. भोकासकट नवीच मागवावी लागते. लाकडी दाराचं काम सोपं: झडपेच्या खोक्यातला कागदी नमुना चिकटवा, चारी कोपऱ्यांत ड्रिल मारा, जिगसॉ (विजेची बारीक करवत) फिरवा. कापलेल्या कडांना वॉर्निश मात्र लावाच, नाहीतर पावसाळ्यात लाकूड फुगून झडप अडकते.

शिकवताना घाई नको. पहिले चार-पाच दिवस झडप चिकटपट्टीने पूर्ण वर बांधून ठेवा, मग अर्धी. पलीकडे बसून खाऊ दाखवा. आमच्या कायस्थांच्या घरात सुकट असतेच, तिचा वास पुरला. मागून कधीही ढकलू नका, एकदा घाबरलं की मांजर आठवडाभर जवळ येत नाही. आठव्या दिवशी मनीने झडपेला नाक लावलं, मग कपाळ, आणि डोळे मिटून पुढे रेटलं. झडप शेपटीवर पडली तशी तिने वळून तिचा वास घेतला, आणि लगेच परत बाहेर गेली.

झडप घ्याल ती चार प्रकारे लागणारी घ्या: दोन्हीकडे उघडी, फक्त आत, फक्त बाहेर, पूर्ण बंद. तिन्हीसांजेनंतर मी 'फक्त आत' ठेवते. बाहेरचे बोके शिरू नयेत म्हणून खाण्याची वाटी झडपेपासून लांब ठेवते. कातडीखालची चिप वाचून आपल्याच मांजराला घेणारी झडपही मिळते, पण ती महाग आणि सेलवर चालणारी. नसबंदी आणि रेबीजची लस मात्र दार उघडण्याआधीच झालेली हवी.

'फक्त आत' वर फार विसंबू नका. झडपेच्या कडेत नख अडकवून ती आपल्याकडे ओढायची आणि फटीतून निघून जायचं, हे मनी महिन्याभरात शिकली. त्या उत्तरायणाला, म्हणजे संक्रांतीच्या पतंगांच्या दिवशी, ती तशीच गेली आणि रात्री मागचा पाय ओढत आली. मांडीला मांजा इतका घट्ट बसला होता की केसांत दिसतच नव्हता, बोटाला लागला. डॉक्टरांनी चार टाके घातले. नायलॉन मांज्यावर 2017 पासून देशभर बंदी आहे, पण काच लावलेला सुती दोराही कापतोच.

आता 13 जानेवारीला दिवस मावळायच्या आत तिला हाक मारते, जेवायला घालते, झडप पूर्ण बंद करते आणि वाळूचा ट्रे न्हाणीत ठेवते. 14 आणि वासी उत्तरायणाचा 15, दोन्ही दिवस ती घरात. 16 ला सकाळी चौकातला, विटांमागचा आणि कडुनिंबाच्या खालच्या फांद्यांवरचा मांजा काठीला गुंडाळून काढते. झडप त्यानंतर उघडते.