जुना शॉट टाइमलाइनवर घेण्याआधी

माहितीपटात निवेदन चालू आहे, दाखवायला काही नाही, मग टाका एखादं जुनं फुटेज! एडिट करताना हा मोह रोजचाच. प्रेक्षक मात्र त्या शॉटकडे पुरावा म्हणून बघतो. म्हणून आधी त्याची उलटतपासणी घ्यावी.

१. शोध लवकर सुरू करा
संहिता पक्की करून मग फुटेज शोधायला बसलात, तर निम्म्या वाक्यांना चित्रच मिळत नाही. शोधताना त्या काळचे शब्द वापरा. १९१६ च्या नोंदीत 'पहिलं महायुद्ध' कसं सापडेल? दुसरं अजून व्हायचं होतं! 'ब्रिटिश पाथे' या जुन्या वृत्तपटांच्या संग्रहाने २०१४ मध्ये सुमारे ८५,००० फिती यूट्यूबवर टाकल्या. त्या बघायला फुकट आहेत, वापरायला नाहीत.

२. शॉट खरा आहे का?
इथे वेळ घालवा. 'द बॅटल ऑफ द सोम' (१९१६) या माहितीपटात सैनिक खंदकातून वर चढतात आणि एकजण कोसळून मागे घसरतो. हा प्रसिद्ध शॉट आघाडीपासून दूर, मुद्दाम घडवून घेतलेला आहे. रशियन क्रांतीत १९१७ साली हिवाळी महालावर झालेला हल्ला म्हणून जी दृश्यं फिरतात, ती बरेचदा दहा वर्षांनी चित्रित झालेल्या दिग्दर्शक आयझेनश्टाइनच्या 'ऑक्टोबर' या चित्रपटातली असतात. तेव्हा कॅमेरा कुठे उभा आहे ते बघा. गोळ्या सुटतायत आणि कॅमेरामन निवांत समोरून चित्रण करतोय? शंका घ्या. भिंतीवरची पोस्टरं, गाड्या, गणवेशही निरखा. फिल्मच्या डब्यावरच्या चिठ्ठीपेक्षा ते जास्त खरं बोलतात.

३. नोंद ठेवा
संग्रहाकडून बघण्यापुरत्या मिळणाऱ्या प्रिव्ह्यूच्या प्रतीवर वॉटरमार्क आणि टाइमकोड (तास-मिनिट-सेकंद-फ्रेमचा आकडा) असतो. एडिट त्यावरच करा, मास्टर म्हणजे पूर्ण दर्जाची प्रत नंतर मागवा. संग्रहाचा क्रमांक आणि शॉटचा सुरुवातीचा-शेवटचा टाइमकोड लगेच लिहून ठेवा. फाइलचं नाव बदलू नका. 'गर्दी_नवीन_२' नेमकी कुठून आली हे शोधण्यात माझी एक अख्खी रात्र गेली आहे.

४. हक्क, पिक्चर लॉकच्या (एडिट पक्कं होण्याच्या) आधी
फुटेज वापरण्याचा दर बहुधा सेकंदावर किंवा मिनिटावर असतो, आणि किमान लांबीची अटही असू शकते. कुठल्या देशांत, किती वर्षं, कुठल्या माध्यमात, हे लेखी घ्या. फक्त महोत्सवांपुरता परवाना स्वस्त पडतो; पण पुढे ओटीटीवाला दारात आला की तोच परवाना आड येतो. मोठ्या हक्कांचा दर आजच विचारून ठेवा. फुटेजमधल्या संगीताचे हक्क वेगळ्याच कुणाकडे असू शकतात.

५. बसवताना
मूकपटाच्या काळातलं बरंच चित्रण सेकंदाला १६ ते १८ फ्रेमच्या आसपास आहे. ते २४ ने चालवलं की माणसं तुरुतुरु पळतात आणि अंत्ययात्राही विनोदी वाटते. वेग आधी सुधारा. जुन्या चित्रणाची ४:३ ची चौकट ताणून आजची रुंद १६:९ करू नका. वरून-खालून कापलीत तर चित्राचा पाव भाग जातो, अनेकदा कुणाच्या तरी डोक्यासकट. त्यापेक्षा दोन्ही बाजूंना काळी पट्टी बरी.